दिवसा वाचू नये

भाचीच्या लग्नाला जायचं म्हणून महिपतीनं वैशाखातल्या एका सकाळी नव्या वहाणा घेतल्या. जाड तळव्याच्या, करकर वाजणाऱ्या. चांभार म्हणाला, तेल पाजा, आवाज जाईल. महिपती म्हणाला, राहू दे की, मामा आलाय हे मांडवात चार जणांना ऐकू यायला नको का? आणि स्वतःच हसला. त्याच्या हसण्याला साथ द्यायला सोलापुरात दुसरं होतंच कोण?

बायको प्लेगात गेलेली, मूलबाळ नाही. शुक्रवार पेठेतल्या एका लहानशा वाचनालयाचा तो ग्रंथपाल, आणि तिथंच मागच्या खोलीत त्याचा मुक्काम. खाली बसप्पाचं पानाचं दुकान, जिना चढलं की वाचनालय. नात्याचं म्हणून एकच दार उरलं होतं, केमला दिलेली धाकटी बहीण बजाबाई आणि तिची पोर रंभा. रंभाचा बाप लवकर गेला. भटजींनी 'मुलीच्या मामांनी मुलीला घेऊन यावं' असं पुकारलं की उठायला एक महिपतीच होता. बजाबाईनं निरोप धाडला होता, दादा, हळदीच्या आदल्या दिवशीच ये. तू नसलास तर पोरीच्या मागं उभं राहायला कोण हाय?

आता त्याच्या वेडाविषयी सांगायला हवं. वेड गोष्टींच्या संग्रहांचं. कादंबऱ्यांना तो नाक मुरडायचा. म्हणायचा, तीनशे पानं एकाच माणसाचं रडगाणं कुणी ऐकावं? गोष्ट कशी, पाहुण्यासारखी. आली, पाणी प्याली, चटका लावून गेली. दाराजवळच्या फळ्यावर तो खडूनं यादी लिहायचा, 'वाचण्याजोगे गोष्टींचे जुने संग्रह'. मागायला आलेल्याच्या तोंडाकडे बघून कोणता द्यायचा ते ठरवायचा. पेन्शनीत निघालेल्या कारकुनाला शिकारीचा, नव्या सुनेला माहेरच्या गोष्टींचा. यादीत सगळ्यात वर मात्र कायम एकच नाव असायचं, 'बिनकव्हराचा'. त्याचं कव्हर आणि पहिली पानं केव्हाच गळून गेली होती. संग्रहाचं नाव नाही, लिहिणाराचं नाव नाही, नुसत्या एकवीस गोष्टी. आणि हा संग्रह तो कुणाला घरी नेऊ द्यायचा नाही.

कारण तो मोठ्यानं वाचायचा संग्रह होता. महिपतीच्या आधीचे ग्रंथपाल आप्पा रोज संध्याकाळी गिरणी सुटली की यातली एक गोष्ट वाचत. वाचता न येणारे विणकर, हमाल, गाडीवान पार जिन्यापर्यंत दाटीनं बसत आणि प्रत्येक वाक्याला हुंकार भरत. हुंकार थांबला की वाचन थांबलं, असा नेमच होता. आप्पांनंतर वीस वर्षं महिपतीनं तो नेम चालवला. मग गावात बोलपट आला. माणसं एकेक करून तिकडं वळली, आणि एका संध्याकाळी महिपती कंदील लावून, पुस्तक उघडून बसला तर जिन्यावर एक पाऊल वाजलं नाही. त्या रात्री तो जेवला नाही. कुणाला सांगणार, आणि सांगायचं तरी काय?

त्या संग्रहाच्या शेवटच्या कोऱ्या पानावर आप्पांच्या हातचं एक वाक्य होतं: 'दिवेलागणीनंतरच वाचावा.' का, ते आपल्या मुलखात शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. दिवसा गोष्ट सांगितली की मामा वाट चुकतो. महिपती त्यावर हसायचा. म्हणायचा, पोरं कामं टाकून आयांच्या मागं लागू नयेत म्हणून कुणा हुशार म्हातारीनं काढलेली युक्ती आहे ती. आणि माझा मामा तर कधीच चुकलाय, तो आणखी कुठं चुकणार? हे खरंच होतं. महिपती चार वर्षांचा असताना त्याचा मामा खांद्यावर घोंगडं टाकून करकंबच्या बाजाराला म्हणून निघाला, तो बाजारातही पोचला नाही आणि घरीही आला नाही.

पण माणूस हसता हसता एक गोष्ट विसरतो. महिपतीला मामा नसेल, तो स्वतः कुणाचा तरी मामा होताच की.

वाचनालय दुपारी बारा ते चार बंद असे. सोलापूरची वैशाखातली दुपार ज्यानं पाहिली त्याला सांगायला नको. बाराचा भोंगा झाला की पेठ झोपते. कुत्री गटाराच्या कडेला पडतात, रस्ता पांढरा होतो, लांबून गिरणीची घरघर तेवढी येत राहते. अशाच एका दुपारी, लग्नाला वीस दिवस असताना, महिपतीनं तो संग्रह काढला, रिकाम्या बाकांसमोर बसला आणि पहिली गोष्ट मोठ्यानं वाचायला लागला. वीस वर्षांची सवय, पहिलं वाक्य झाल्यावर तो आपसूक थांबला.

कपाटांच्या मागून आवाज आला, "हूं."

महिपतीनं पुस्तक खाली ठेवलं. तो उठला, कपाटामागं गेला. मागं एक जुनं बाक आणि भिंत. बाकावर कुणी नव्हतं. वास मात्र होता, लांबून चालत आलेल्या माणसाच्या घोंगड्याला येतो तसा, घामाचा आणि धुळीचा. महिपती बराच वेळ तिथं उभा राहिला. मग त्याच्या डोळ्यांत पाणी आलं, आणि ते भीतीचं नव्हतं. तो जागेवर येऊन बसला आणि त्यानं दुसरं वाक्य वाचलं.

"हूं."

त्या दिवसापासून रोज दुपारी एक गोष्ट. महिपतीच्या चेहऱ्यावर टवटवी आली. बसप्पानं विचारलंसुद्धा, मास्तर, काय दुसरं लगीन ठरवलं काय? जिन्याच्या वरच्या पायरीवर आता दुपारी एक वहाणांचा जोड दिसायचा. अगदी झिजलेला, तळवे पानाइतके पातळ, टाचेत बाभळीचा काटा मोडलेला. चारच्या सुमाराला तो नसायचा. महिपतीनं कधी विचारलं नाही, तू कोण, कुठला. विचारलं आणि उठून गेला तर?

इथंच घोटाळा झाला. हळदीच्या आदल्या दिवशी निघायचं ठरलेलं, तेव्हा संग्रहातल्या तीन गोष्टी राहिल्या होत्या. महिपतीनं मनाशी म्हटलं, आज एक वाचतो, उद्या निघतो. दुसऱ्या दिवशीही तेच. शेवटी लग्नाचा दिवस उजाडला. मुहूर्त गोरज, गाडी दुपारी एकची, केमला दिवस मावळायच्या आत पोचवणारी. पिशवी भरून, लाल पटका बांधून तयार असलेला हा माणूस बाराच्या भोंग्याला एकविसावी गोष्ट वाचायला बसला. एकटेपणानं माणसाची अक्कल अशी गहाण पडते.

गोष्ट होती एका मेंढक्याची. हरवलेली मेंढी शोधत तो बाभळीच्या रानात शिरतो आणि त्याला लांब एक दिवा दिसतो. महिपती तिथवर आला आणि त्याचं लक्ष घड्याळाकडे गेलं. साडेबारा. त्यानं पुस्तक मिटलं.

"पोरीचं लगीन आहे," तो कपाटाकडे बघून हळूच म्हणाला. "बाकीची आल्यावर वाचतो..."

हुंकार आला नाही.

तो तसाच उठला, आणि एकदम डोळ्यांसमोर अंधारी आली म्हणून बाकाला धरून उभा राहिला. किती वेळ, ते त्याला पुढंही कधी सांगता आलं नाही. सावरून जिन्यापाशी आला तर तिथं ठेवलेली पिशवी नव्हती. नव्या वहाणाही नव्हत्या. पायरीवर तो झिजका जोड तेवढा होता. चोर म्हणावं, शोध घ्यावा, तर वेळ कुठला? रस्त्यावर फुफाटा, अनवाणी स्टेशन गाठणं शक्य नव्हतं. दुसऱ्याच्या वहाणा पायात घालू नयेत, हे आईनं शंभरदा सांगितलेलं. त्यानं त्या घातल्या.

शुक्रवार पेठेतून स्टेशनची वाट तो तीस वर्षं चालत होता. तो कोपऱ्यावर वळला, पुढं गेला, पुन्हा वळला, आणि समोर वाचनालयाचा जिना. उन्हानं डोकं फिरलं असेल म्हणून तो परत निघाला. पुन्हा जिना. दाराच्या सावलीत बसलेल्या एका म्हातारीला त्यानं स्टेशन विचारलं. असंच सरळ जावा, ती म्हणाली. तो सरळ गेला, डोळे रस्त्यावरून न काढता सरळ गेला, आणि जिन्याला ठेचकाळला. एकची गाडी शिटी देऊन गेली. ती शिटी त्याला उजवीकडून ऐकू आली, मग डावीकडून, मग पाठीमागून. तो रडत रडत चालत राहिला. रंभा नटून बसली असेल, अंतरपाट धरला असेल, भटजी मामाला हाका मारत असतील. त्याच्या पायांना फोड आले, ते फुटले, तरी पेठेच्या बाहेर पडायला वाट मिळेना.

दिवेलागणीला तो जिन्याच्या खालच्या पायरीवर कोसळला. बसप्पा दुकान उघडत होता. तांब्या घेऊन धावत आला, आणि त्याचं तोंड बघून दोन पावलं मागं सरला.

"मास्तर... तुमी हितं कसं?"

"गाडी चुकली रे."

"चुकली?" बसप्पाचा आवाज खाली गेला. "आवो, दुपारी मीच की तुमास्नी टांग्यात बसवलं. पिशवी मीच वर दिली. नव्या वहाणा करकर वाजत हुत्या."

महिपतीनं पायांतला तो झिजका जोड काढून फेकला.  बसप्पानं तो चिमट्यानं उचलून आडात टाकला. सकाळी जोड वरच्या पायरीवर होता, कोरडा.

दहा दिवसांनी बजाबाईचं पत्र आलं. अक्षर गावातल्या शाळामास्तरांचं, बोली तिचीच. महिपती ते खिडकीशी उभा राहून वाचू लागला.

'दादा, तू आलास, लई बरं वाटलं. मांडवात सगळी म्हणाली, मामा असावा तर असा. पोरीच्या मागं उभा राहिलास, तिला हाताला धरून बोहल्यावर आणलंस. पण दादा, तू एवढा वाळलास कशानं? आणि दिवसभरात माझ्याशी एक शब्द बोलला न्हाईस. जे विचारावं त्याला नुसतं हूं, हूं. रंभा सासरी करकंबला निघाली तवा तिच्या सोबतीला गाडीत तूच चढलास. पोरगी सोडवत नसंल म्हणून मी बी काही म्हणलं न्हाई. आता आठ दिस झाले, तू तिथंच हाईस; आज-उद्या परतशील म्हणून हे पत्र सोलापूरलाच धाडते. रंभाचा निरोप आला, मामा बरा हाय, फकस्त दुपारी सगळी निजली की समोर येऊन बसतो आणि गोष्टीसाठी थांबतो. मी उलट निरोप धाडला, बाई, दिवसा सांगू नगंस, मामा वाट चुकतो. तर हसली म्हणं. म्हणाली, आई, मामा तर माझ्या म्होरंच बसलाय की.'

महिपतीनं पत्र तिथंच टाकलं. तो अनवाणीच जिना उतरला आणि बसप्पाचे पाय धरले. मला गाडीत बसवून दे, म्हणाला, कुर्डूवाडीला उतरून मी रांगत करकंब गाठीन, पण मला एकट्याला सोडू नकोस. बसप्पा भला माणूस. दुकान उघडं टाकून त्यानं महिपतीचं मनगट धरलं, स्टेशनवर नेलं, तिकीट काढलं, डब्यात बसवलं; दुकान उघडं म्हणून स्वतः मात्र फलाटावरच राहिला. गाडी हलली. महिपतीनं खिडकीतून पाकणी जाताना पाहिलं, मोहोळ पाहिलं, माढ्याची झाडं पाहिली. प्रत्येक नाव तो तोंडानं घोकत होता. कुर्डूवाडी आली. तो उतरला, माणसांच्या लोंढ्याबरोबर फाटकातून बाहेर पडला, आणि त्याचा पाय पायरीला लागला.

वाचनालयाचा जिना. दुपारची वेळ, पेठ झोपलेली. त्यानं खाली पाहिलं. पायांत तो झिजका जोड होता.

वर कुणीतरी गोष्ट सांगत होतं. बाईमाणसाचा कोवळा आवाज, जरा अडखळणारा. महिपती कठड्याला धरून वर चढला. खोली रिकामी होती. आवाज येत होता कपाटांच्या मागून, आणि तो आवाज त्याला पाळण्यातल्या रडण्यापासून ओळखीचा होता. रंभाला अक्षरओळख नव्हती, तो संग्रह तिनं कधी पाहिलाही नव्हता. तरी ती तीच गोष्ट सांगत होती, त्यानं जिथं मिटली होती तिथून पुढं.

"...मग तो मेंढका दिव्याच्या जवळ गेला..." रंभा म्हणाली आणि थांबली.

ती हुंकाराची वाट बघत होती. महिपतीला कळलं, हुंकार मिळाला नाही तर ती पुढं सांगणार नाही. तिला ओरडून सांगायचं होतं, पोरी, थांब, तुझ्यासमोर बसलाय तो मी नव्हे. त्यानं जीव एकवटून तोंड उघडलं.

"हूं," तो म्हणाला.