आनंदीची वाचा

आपला जिल्हा वेगळा झाला, त्याच्या पुढच्या भादव्यातली ही गोष्ट. आनंदी आता झोपली आहे, तोवर लिहून काढते.

लेक तीन वर्षांची होत आली तरी बोलत नव्हती. कान चांगले आहेत, वाट पाहा, असं वेंगुर्ल्याचे डॉक्टर म्हणत. शेजारणी मात्र तिच्यादेखत विचारत, "मुकी काय गो?" शेवटी सासूबाईंनी, म्हणजे अक्कांनी, देवराईत गाऱ्हाणं घालायचं ठरवलं. माझा विश्वास नव्हता. पण सडा, म्हणजे गावावरचं कातळाचं पठार, फुललेला पाहायचा होता, म्हणून गेले.

त्या दिवशी सड्याचा काळा कातळ दिसतच नव्हता. गुडघाभर तेरडा, आणि ओल्या खळग्यांतून निळी निळी सीतेची आसवं. त्यापलीकडे एकदम राई. कधी कोयती न लागलेले किंजळ, मांडीएवढे जाड गारंबीचे वेल, वर धनेशाच्या पंखांचा भात्यासारखा आवाज. इतकं देखणं काही मी माहेरी पाहिलं नव्हतं.

राईच्या काठाला एक जुना चिरा रोवलेला आहे. तिथं अक्कांनी वहाणा काढायला लावल्या. "हयची काडीसुद्धा भायर न्हेवची नाय. हयचां तां हयच."

गणपत गुरव गाऱ्हाणं घालू लागले. त्यांच्या प्रत्येक वाक्याला आम्ही दोघी हुंकार देत होतो.

"ह्या लेकराक वाचा दी, म्हाराजा."

"व्हय म्हाराजा."

आवाज तीन आले. तिसरा कोवळा, गारंबीमागून.

आनंदी माझ्या कडेवर होती. ओठ मिटलेले.

गुरव थांबले नाहीत. निघताना आनंदीच्या केसांतलं सुकं पानही अक्कांनी काढून आत टाकलं.

सड्यावर ती पहिल्यांदा बोलली. "आई, फूल." आवाज मी ओळखला, गारंबीमागचाच. तरी तिला उराशी धरून रडले, आनंदानंच.

यंदा नवस फेडायला गेलो. सडाभर तिची बडबड चालली होती. चिरा ओलांडताना ती म्हणाली, "आई, तां फूल बघ..."

आणि गप्प झाली.

"माका व्हया," झाडीतून आलं.

इथलं ते इथंच.

परतताना अक्का पुढे गेल्या. मी चिऱ्यापाशी थांबले, लेकीला घट्ट धरून, राईकडे तोंड करून.

"चल गो बाय," हळूच म्हटलं.

वारा नव्हता. वेल हलले.

"इलंय," आनंदी कडेवरून म्हणाली. तिला धाप लागली होती.