एक मिनिट चाळीस सेकंद

"दिशाताय, ह्या कागदात आबा आहेत."

धाकटा भाऊ अजिंक्य असं म्हणाला तेव्हा दिशाने वर बघितलंसुद्धा नाही. सकाळपासून बाबांच्या आंब्याच्या शेडमध्ये तिघांचं पॅकिंग चालू होतं. दीपेश खोक्याच्या तळाला पेंढा पसरायचा, अजिंक्य त्यावर रद्दीचा कागद घालायचा आणि दिशा आंबे लावायची. परीक्षा संपून चार दिवस झालेले, आणि सुट्टी ही अशी.

"कागदात आबा कसे असतील? हात चालव."

"बघ तरी गो. कान बघ."

तिने बघितलं. पिवळा पडलेला पेपर, फोटोत विशीतला एक पैलवान. चेहरा ओळखू येत नव्हता. पण डावा कान चुरगळलेला, सुकलेल्या आमसुलासारखा. असा कान अख्ख्या पावस भागात एकाचाच. खाली नावही होतं: चिमाजी भाटकर, मुंबई गोदी, बावन्न किलो.

"म्हणजे आबा खरंच पैलवान होते?" दीपेश म्हणाला. तो अंधेरीहून आलेला मावसभाऊ. "मला वाटलं, फेकतात."

"सगळ्या वाडीला तसंच वाटतं. तोच तर वांधा आहे."

वांधा असा होता. शहात्तर वर्षांचे चिमाआबा दोन वर्षं दिशाला समुद्राच्या वाळूत कुस्ती शिकवत होते. पण तालुक्याची स्पर्धा मॅटवर होते. यंदा दिशा तिथे पहिल्याच फेरीत हरली. शाळेची जुनी मॅट मिळणार होती, ती अंथरायला जागा नव्हती. गावची जाळी ठेवायची शेड रिकामी पडलेली. सरपंच बाळाकाका म्हणाले होते, "चिमाआबा ऑलिम्पिकला गेलेले म्हणतात ना? मग कागद दाखवा आणि शेड घ्या. नायतर तिथे बर्फाची मशीन बसेल." निर्णय उद्या होता, एक मेच्या ग्रामसभेत. आणि आबा कागद दाखवतच नव्हते. "हरवले," एवढंच बोलायचे.

तिघांनी रद्दीचा गठ्ठा जमिनीवर ओतला. शोधून शोधून पाच कात्रणं निघाली. गोदीच्या तालमीत जिंकलेली पहिली कुस्ती. मग राज्यात पहिला नंबर. मग दिल्लीला फ्रीस्टाईलमध्ये देशात पहिला. एकात लिहिलेलं, "कोकणातल्या या रापणकऱ्याच्या पायांत विलक्षण ताकद आहे." रापण म्हणजे किनाऱ्यावर उभं राहून दोरांनी ओढायचं मोठं जाळं. आबांनी आठव्या वर्षापासून ते ओढलेलं. शेवटच्या कात्रणात ऑलिम्पिकसाठी निवड चाचणी होणार, एवढंच. पुढे काही नाही.

"चाचणी होणार म्हणजे गेले असं नाय ना," अजिंक्य बारीक आवाजात म्हणाला.

"पुढचं कात्रण पेट्यांत गेलं असणार," दिशा म्हणाली. सकाळच्या चाळीस पेट्या तासाभरापूर्वी नितेशच्या टेंपोत चढल्या होत्या. आज रत्नागिरी, उद्या पहाटे वाशीचं मार्केट.

तिने बाबांना विचारलं. ते मोबाईलवर भाव विचारत होते. "रद्दी ती रद्दी. टेंपो परत बोलावू आता? वेड लागलंय काय?"

झालं. बाबांपुढे कोण बोलणार? तिघांनी दोन सायकली काढल्या.

नितेश पावसच्या नाक्यावर मिसळ खाताना सापडला. दिशाने सगळं सांगितलं. त्याने पाव मोडला.

"पेटी चिकटवली की चिकटवली. गिऱ्हाईकाचं नाव लिवलंय. फोडली तर माझा धंदा बसेल. जावा घरी."

"दादा, आबांचं एकच..."

"जावा म्हटलं ना गो."

सायकलच्या दांड्यावर बसलेला अजिंक्य रडायच्या बेतात आला. टेंपो समोर उभा, पेट्या समोर, आणि हात लावता येत नाही.

दीपेश मात्र टेंपोच्या मागे गेला होता. "दिशा, पेटीला हवेची भोकं असतात ना? त्यातून कागद दिसतो." त्याने मोबाईलचा टॉर्च लावला. "हा पांढरा. हा पांढरा. हा बघ, पिवळा."

नितेशची मिसळ संपेपर्यंत त्यांनी चाळीस पेट्या बघितल्या. तीन पिवळ्या निघाल्या.

"नितेशदादा," दिशा आता एकदम गंभीर आवाजात म्हणाली, "ह्या तीन पेट्यांत साका आहे."

नितेशचा हात पाण्याच्या ग्लासावर थांबला. साका म्हणजे हापूसचा आतला रोग. फळ वरून सोन्यासारखं, आतून पांढरं आणि आंबट. मार्केटमध्ये साक्याची पेटी निघाली की शिव्या टेंपोवाल्याला.

"बाहेरून कसा कळला तुला?"

"वासाने."

"साक्याला वास नसतो."

"तेच तर. नाहीच येत वास," दीपेश म्हणाला. "हापूस आणि वास नाही?"

नितेशने नाक लावलं. नुकतीच झणझणीत मिसळ खाल्लेल्या नाकाला कसला वास येतोय? त्याने डोकं खाजवलं आणि तीन पेट्या खाली ठेवल्या. "न्या. बाबाला सांग, बदली पेट्या सहा वाजेपर्यंत रत्नागिरीला पोचव." मग टेंपोत चढता चढता म्हणाला, "आणि ती रद्दी मीच आणून टाकलेली. चिमाआबाने दिली. स्वतः सुतळीने बांधून."

तिघांनी रस्त्याकडेलाच पेट्या उघडल्या.

पहिल्या पेटीत जुन्या साबणाची जाहिरात निघाली. दुसऱ्या पेटीतल्या कात्रणावर आंब्याचा चीक सांडलेला, अक्षरं गेलेली. तिसऱ्या पेटीत, एका आंब्याच्या देठाखाली, चिकाचा डाग पडलेला आबांचा फोटो होता. अंगावर देशाच्या संघाचा कोट. ऑलिम्पिकला गेले होते!

अजिंक्यने मोठ्याने वाचायला सुरुवात केली आणि मध्येच आवाज पडला. "भाटकर यांचा दोन्ही लढतींत पराभव. पहिली लढत एक मिनिट चाळीस सेकंदांत संपली."

दीपेशने पेंढा उगाच पिशवीत भरला.

आबा किनाऱ्यावर जाळं विणत बसलेले. कात्रण बघून त्यांनी सुई थांबवली.

"कशाला आणलात परत?"

"तुम्ही कशाला दिलंत?" दिशाने विचारलं.

"मग काय करू? पन्नास वर्षं लोक विचारतात, पदक कुठाय. कागद नाय दाखवला तर खोटारडा. दाखवला तर हरलेला. त्यातल्या त्यात खोटारडा बरा. निदान वादाला जागा ऱ्हाते." आबा समुद्राकडे बघत होते. "एवढ्या लांब विमानाने नेलं मला. आणि एक मिनिट चाळीस सेकंद. तेवढ्यात चहापण उकळत नाय."

दिशा त्यांच्या शेजारी वाळूत बसली. मग ती म्हणाली, "मीपण हरले तालुक्याला. तुम्ही हसला नाहीत. पाय कुठे होते ते विचारलंत."

आबांनी सुई जाळ्यात खोचली. मग त्यांनी कात्रणाची घडी घालून तिच्याच हातात दिली. "तुझं तू ठरव."

दुसऱ्या दिवशी झेंडावंदन झाल्यावर ग्रामसभा बसली. दिशाने कात्रण बाळाकाकांसमोर ठेवलं. त्यांनी चष्मा लावून वाचलं.

"गेले होते, हे खरं. आम्ही उगाच बोललो." मग ते थांबले. "पण दोन्ही हरले? मग पोरांना शिकवणार काय?"

मागून कोणीतरी हसलं. दिशाचे कान तापले. हे व्हायला नको होतं, आणि हे तिनेच घडवून आणलं होतं.

तेवढ्यात मागे खुर्ची सरकली. आबा उभे राहिले.

"का हरलो ते शिकवीन," ते म्हणाले. "बाळा, उभा ऱ्हा."

"मी?"

"तूपण रापण ओढलीस ना? उभा ऱ्हा. मी पट काढणार. पडू नको म्हणजे झालं."

सरपंच उभे राहिले, हसत, पाय रोवून. शहात्तर वर्षांचे आबा खाली वाकले, त्यांच्या गुडघ्यामागे हात घातला आणि खांद्याने हलकंच ढकललं. सरपंच धप्पकन सतरंजीवर बसले.

सभा खो खो हसली. आबा नाही हसले.

"वजन टाचेवर होतं तुझं. रापण ओढताना टाच वाळूत रुतवून मागे झुकायचं, लहानपणापासून. त्यानेच मी देशात पहिला आलो, कारण मला कोण ओढू शकत नव्हतं. तिथल्या पैलवानाने ओढलंच नाय. ढकललं." त्यांनी दिशाकडे बोट केलं. "ही तशीच हरली. ह्या वाडीतलं एकूणएक पोर टाचेवर उभं ऱ्हातं. पंजावर यायला मला घरी आल्यावर बारा वर्षं लागली. हिला एक पावसाळा पुरेल. पण मॅट पायजे."

बाळाकाकांनी सतरंजीवरूनच हात वर केला. "शेड द्या रे ह्यांना." मग उठता उठता म्हणाले, "दिवाळीपर्यंत. मग बघू." आणि तिघांकडे वळले. "पोरांनो, हुशार आहात. पण बाबाच्या तीन पेट्या फोडल्यात त्याचं काय ते घरी बघा."

घरी काय झालं ते न सांगितलेलं बरं.

दिवाळीनंतर शेड राहणार की बर्फाची मशीन येणार, हे अजून कुणाला माहीत नाही. पण आत मॅट अंथरलीय. दारापाशी खिळ्याला चिकाचा डाग पडलेलं कात्रण टांगलंय, आबांनी स्वतः. नवीन पोर आलं की आधी ते वाचायला लावतात. मग दिशासमोर उभं करतात आणि हातात घड्याळ घेतात.

"एक मिनिट एक्केचाळीस सेकंद उभं ऱ्हायचं," आबा सांगतात. "तेवढं जमलं की तू माझ्या पुढे गेलास."