पुठ्ठ्याच्या एस.टी.तला कंडक्टर

पटो न पटो, पण ही गोष्ट वडनेरच्या वीस-पंचवीस माणसांनी एकाच वेळी पाहिली आहे. त्यातले काही अजून आहेत. विचारून बघा.

१९८५. पौषातला शुक्रवार, संध्याकाळचे साडेसात.

गावात टीव्ही एकच, सदाशिवरावांच्या दुकानामागच्या खोलीत. एका नव्या विनोदी कार्यक्रमाचा पहिला भाग लागणार होता आणि त्यात गावचा चंद्रभान होता. दंडारीत, म्हणजे गावच्या नाच-नाट्यात, सोंगं काढून गावाला हसवणारा.

त्याची माय रुख्माबाई सगळ्यात पुढे बसली. दीड महिना झाला, मुंबईहून पोराचं पत्र नव्हतं.

कार्यक्रम अगदीच फाटका. मागचा पडदा हलत होता. पुठ्ठ्याची एस.टी., तिला तळच नाही. प्रवासी ती हातांनी उचलून पळत होते आणि कंडक्टर तिकिटाऐवजी त्यांच्याच कानाला चिमटा लावत होता.

कंडक्टर... चंद्रभान!

"अरे, आपला चंद्या!" खोलीत हशा उसळला.

रुख्माबाई हसली नाही.

गाडीखाली सगळ्यांचे पाय पळत होते...

कंडक्टरला मात्र पायच नव्हते.

मग आवाज गेला. सदाशिवरावांनी बटण पिळलं. काहीच नाही...

चंद्रभान थांबला. सरळ समोर पाहू लागला. त्या शांततेत त्याच्या एकट्याचाच आवाज आला.

"माय, थंडी लय आहे वं. तू जेवून घेजो."

लोक आणखीच हसले. त्यांना तो विनोदच वाटला.

तिसऱ्या दिवशी समुद्रपूरचा श्रावण आला. चंद्रभानसोबत मुंबईला गेलेला. हातात चंद्रभानची पत्र्याची पेटी.

"काकी, तापानं गेला तो. तार केलती... भेटली नाई काय?"

"कधी गेला?"

"शूटिंगच्या आदल्या दिवशी."

"खोटं काऊन बोलतं, बाप्पा? कंडक्टर झालता ना तो. साऱ्या गावानं पाह्यलं."

श्रावणनं पेटी खाली ठेवली.

"काकी... कंडक्टर तं मी झालतो."

श्रावणला पडद्यावर पाहिल्याचं गावात एकालाही आठवेना.

कार्यक्रम तेरा आठवडे चालला. रुख्माबाई दर शुक्रवारी सगळ्यांच्या आधी येऊन बसायची. चंद्रभान पुन्हा दिसला नाही.

शेवटचा भाग संपला. सदाशिवरावांनी टीव्ही बंद करायला हात पुढे केला.

"राहू द्या थोडा वेळ," ती म्हणाली.

रात्री प्रसारण संपलं तरी ती तिथंच; पडद्यावर नुसत्या मुंग्या नाचत होत्या. तिला घरी चल म्हणायची कोणाची छाती झाली नाही.

त्या पहिल्या शुक्रवारी आपण हसलो... हे त्या खोलीतली उरलेली माणसं अजून विसरलेली नाहीत.