सावलीच्या काठाचं पाणी

कुणाला पटो न पटो, ही घडलेली गोष्ट आहे. ज्याच्यावर गुदरली तो ज्योतिबा माझ्या बायकोचा सख्खा भाऊ. आजही हयात आहे.

आणि ही रात्रीची नाही. कोपरखैरण्यातली, दोन हजार तेवीसच्या मे महिन्यातली, भर दुपारी साडेबाराची.

ज्योतिबा साताऱ्याकडचा. कोपरखैरण्यातल्या एका गल्लीत अंगणांतली झाडं सांभाळायचा. गल्लीच्या शेवटच्या बैठ्या घरात वेणूबाई राहायची. दारात तिने लावलेला सोनमोहर. बावीस वर्षांचा, छत्रीसारखा पसरलेला. उन्हाळ्यात अर्धी गल्ली त्याच्याखाली बसायची.

ज्योतिबा जातिवंत माळी, पण झाडाला पाणी कसं घालायचं ते वेणूबाईने शिकवलं. तिची एक बादली होती, बुडाला खिळ्याने भोक पाडलेली. दुपारी झाडाची सावली जिथे संपते, त्या काठावर ती बादली ठेवायची.

टप... टप... टप...

पाणी सावकाश खोल मुरायचं. मग बादली दोन हात पुढे. अशी झाडाभोवती गोल.

"बुंध्याशी काय ओततोस रे मेल्या?" ती म्हणायची. "झाडाचं तोंड बुंध्याशी नसतं. सावलीच्या काठाला असतं. आणि जिथं पाणी, तिथं मूळ येतं बघ."

त्या मार्चमध्ये वेणूबाई न्हाणीत घसरली. खुबा मोडला. खिडकीजवळच्या खाटेला खिळली.

तिच्या मुलाने, कुलदीपने, नवी गाडी घेतली होती. ती अंगणात लावायची होती. हिरवं झाड तोडायला परवानगी मिळेना. त्याने ज्योतिबाच्या हातात गिरमीट आणि हिंगाची पुडी ठेवली.

"काका, वाळलेलं झाड तोडायला कोण अडवत नाय. बुंध्याला भोक पाडा, हिंग भरा, माती लिंपा. आणि पाणी एकदम बंद."

"आई जित्ती हाय रं तुझी."

"तिला कुठं बाहेर यायचंय? तुम्हाला जमत नसेल तर सांगा. उद्यापासून सगळ्या गल्लीला दुसरा माळी. नो टेन्शन."

ज्योतिबाने भोक पाडलं.

रोज खिडकीतून हाक यायची. "पाणी घातलंस का रे?"

"घातलं, मावशी."

पंधरा दिवसांत पानं झडू लागली. एके दिवशी म्हातारीने विचारलंच नाही. नुसती म्हणाली,

"बादलीचा आवाज येत नाय हल्ली."

ज्योतिबाची मान खाली.

चार दिवसांनी ती गेली. शेवटचं पाणी सून शुभदाने चमच्याने ओठांशी नेलं. म्हातारीने तोंड फिरवलं.

"आधी झाडाला."

एवढंच बोलली.

पुढच्या महिन्यात झाड तुटलं. खोड उकरलं, वर पेव्हर ब्लॉक बसले. बादली भंगारात गेली.

आठवड्याने कुलदीपचा फोन. "काका, दुपारी येऊन माझं अंगण ओलं करता काय? मस्करी बंद करा."

ज्योतिबा गेला. साडेबारा वाजले होते.

फरशीवर ओल होती...

गोल. बांगडीसारखी. आत कोरडं, बाहेर कोरडं. पाइप खिळ्याला अडकवलेला, हाडासारखा सुका.

त्याने ओलीच्या आत पाय ठेवला आणि दचकला. तळपायाला गार लागलं. गाडी सावलीत उभी होती. पूर्ण अंगण सावलीत होतं.

त्याने वर पाहिलं...

वर काहीच नव्हतं. निळं आभाळ, आणि डोळे दिपवणारं ऊन.

दुसऱ्या दिवशी ती ओल हातभर पुढे सरकली. मग ओटीवर आली. मग उंबऱ्यावर. आणि घरात आवाज सुरू झाला. सगळे नळ घट्ट बंद. तरी दुपार झाली की...

टप... टप... टप...

कुलदीपला तहान लागायला लागली. माठच्या माठ संपवायचा. ओठ तरीही फुटलेले, हाताची कातडी सालीसारखी खरखरीत. शुभदा लेकीला घेऊन माहेरी निघून गेली.

ज्योतिबाने हात जोडले. "बाबा, तिथलं चार ब्लॉक काढ. मी दुसरं रोप लावतो. आईचं नाव घेऊन पाणी घाल."

"भोक कोणी पाडलं, काका?" कुलदीप कोरडं हसला. "मी फक्त बोललो. आई आली तर आधी तुमच्याकडे येईल."

त्या बोलण्यानंतर तिसऱ्या दिवशी शुभदाचा फोन. "काका, हे सकाळपासून फोन उचलत नाहीत. जरा बघता?"

दार नुसतं लोटलेलं होतं.

आत गारवा. ओल्या मातीचा वास. कुलदीप आईच्याच खाटेवर निजला होता, खिडकीजवळ. खाटेभोवती लादीवर ओल होती...

गोल. बांगडीसारखी.

आणि आत तो. चिपाडासारखा. उघडं तोंड, जीभ टाळ्याला चिकटलेली. उशाला पाण्याने भरलेला तांब्या, तसाच.

डॉक्टर म्हणाले, उष्माघात. अंगातलं पाणी संपलं.

लादीवरच्या त्या ओलीत सोनमोहराच्या पिवळ्या पाकळ्या होत्या. त्या कुठून आल्या, हे डॉक्टरांना कुणी विचारलं नाही.

ज्योतिबाने ती गल्ली सोडली. कळंबोलीत ट्रकच्या यार्डामागे खोली घेतली. मुद्दाम घेतली. आसपास एक झाड नाही. नुसतं लोखंड आणि सिमेंट.

गेल्या रविवारी मी त्याच्याकडे गेलो होतो. दुपारचे बारा वाजून गेले होते. त्याची बायको बाळाबाई दारातच म्हणाली, "भावजी, आत्ता हाक नका मारू. ते मागं हायत."

मी मागे गेलो. ज्योतिबा उन्हात उकिडवा बसला होता. पुढ्यात नवी बादली. बुडाला खिळ्याने पाडलेलं भोक.

टप... टप...

बादलीच्या पलीकडे सिमेंटवर सावली पडली होती. वारा नव्हता, तरी सावलीचा काठ हलत होता. पानं हलावीत तसा.

मी वर पाहिलं नाही. धीर झाला नाही.

"कधीपासून?"

"पाडव्यापासनं. तवा पार त्या भिंतीजवळ हुती."

"पाणी घातल्यावर थांबते का?"

त्याने फुटलेल्या ओठांवरून जीभ फिरवली.

"पानी घातलं तर मूळ हिकडं येनार. नाय घातलं तर तहानलेलं येनार. काय करू, सांगा की दाजी."



त्याने तांब्या उचलून घटाघटा रिकामा केला, पुन्हा भरला आणि माझ्यापुढे धरला. "घ्या, उन्हाचं आलाय."

घसा सुकला होता. तरी तिथलं पाणी न पिताच मी निघालो.