चौथ्या पेटीतले दहा

"मी सही करत नाई," भागाबाईने कागद टेबलावर आपटला. "करणारबी नाई. हे खोटं हाय, एवढं मले त्याईच्याच तोंडून ऐकाचं हाय."

रविवारची दुपार होती. वर्ध्याच्या उज्वलाताई एकेकाळी शाळेत जीवशास्त्र शिकवायच्या, आता फी घेऊन लोकांच्या भानगडी उकलायच्या. शेजारचे निवृत्त पोस्टमास्तर मनोहरराव त्यांची स्कूटर चालवत आणि चुकीचे अंदाज बांधत, दोन्ही कामे बिनपगारी. आत्ता ते खुशीसाठी, म्हणजे नातीसाठी, आणलेले चित्रांचे पुस्तक चाळत बसले होते.

कागद उज्वलाताईंनी मोठ्याने वाचला. सेलूच्या रस्त्यावरच्या एका औषधशास्त्र महाविद्यालयाच्या सचिवांनी, अण्णाजींनी, तो टाईप करून घेतला होता. 'प्रयोगाचे दहा पांढरे उंदीर मी शनिवारी संध्याकाळी चौथ्या पेटीतून चोरले. आमच्या घरी उंदीर खातात. त्यासाठीच मी ते नेले.'

मनोहररावांना कुठे पाहावे कळेना. उज्वलाताईंना तसला संकोच नव्हता.

"खाता का?"

"खातो," भागाबाई आणखी ताठ बसली. सेलूजवळच्या गोंड वस्तीतली ही बाई, पन्नाशीची, अंगाने काटक, त्याच महाविद्यालयात प्रयोगाच्या उंदरांचे दाणापाणी बघणारी. "गहू निघाला का माहे मालक, पुनाजी, शेतातली बिळं खोदते. पिलावाली माय दिसली त बीळ बुजवून देते. बाकीचे भाजून खातो. माह्या बापानं खाल्ले, आज्यानं खाल्ले. त्यात लपवाचं काय? पण पेटीतल्या उंदराले अकरा वर्षं मी या हातानं उचलून राह्यली. त्याईले चोरीन काऊन?"

"शनिवारी काय झालं?"

"पाच वाजता पेट्याईच्या पाण्याच्या समद्या बाटल्या गळ्यापर्यंत भरल्या. कुलूप लावलं. चावी चौकीदाराच्या खिळ्यावर टांगली. मंग भाचीच्या लग्नाले अल्लीपूरले गेलती. आज दुपारी आली त हातात हा कागद. उद्या बाहेरची समिती तपासाले येऊन राह्यली. त्याच्या आंधी सही नाई केली त कामावरून काढतो म्हन्ते, पोलिसात देतो म्हन्ते."

बोलता बोलता तिची नजर पुस्तकावर गेली. चित्रातला गुबगुबीत उंदीर भोकाभोकांच्या पिवळ्या ढेपेवर बसला होता.

"हे पिवळं काय व्हय? साबण?"

"चीज," मनोहरराव म्हणाले.

"मले वाटलं साबण. साबण कुरतडते तो."

उज्वलाताईंनी पुस्तकाकडे एकदा पाहिले आणि पर्स उचलली. मनोहररावांनी पुस्तक काखेत मारले आणि तिघे एका स्कूटरवर निघाले.

महाविद्यालयाच्या मागच्या अंगाला प्राणीगृहाची बैठी खोली होती आणि तिच्या पलीकडे कुंपणापासून तूर. अण्णाजी दारातच उभे होते. हातात तारेचा सापळा.

"पुरावा हवा ना? भागाबाईचा अ‍ॅप्रन जिथे टांगतात, त्याच्या मागे हा निघाला. आमिषासकट."

सापळ्याच्या आकड्याला चीजचा चौकोनी तुकडा टोचलेला होता. मनोहररावांनी मनातल्या मनात प्रकरण मिटवून टाकले. "ताई," ते कुजबुजले, "आता काय राहिलं?"

"पाणी," असे म्हणून उज्वलाताई आत शिरल्या.

मांडणीवर काचेसारख्या प्लास्टिकच्या सहा पेट्या होत्या. प्रत्येकीच्या झाकणात पाण्याची बाटली उलटी खोचलेली आणि शेजारी खाद्याच्या गोळ्या. चौथी पेटी रिकामी होती. खोलीच्या प्रमुख डॉ. मयुरी यांनी तिला कुणाला हात लावू दिला नव्हता. उज्वलाताईंनी तिची बाटली पाहिली. पाणी गळ्यापासून चार बोटे उतरलेले. नळीच्या टोकाला बोट लावले तर थेंब आला आणि थांबला. खालचा भुसा चिमटीत घेतला, तो कोरडा होता. गोळ्या अर्ध्या संपल्या होत्या. शेजारच्या पेट्यांमध्येही पाणी जवळपास तेवढेच उतरले होते.

"मी आज सकाळी आठला आले," मयुरी म्हणाल्या. "माझ्या पहिल्या तीन पेट्यांना औषध पाजलं आणि साडेआठला गेले. चौथी वैभवची आहे. दुसऱ्याच्या पेटीत डोकावायचं नाही, असा इथला नियम आहे."

"एक उंदीर उचलून दाखवाल?"

मयुरींनी शेपटीच्या बुडाशी धरून एक उंदीर बाहीवर घेतला आणि मानेमागची कातडी चिमटीत पकडली. उंदीर निमूट राहिला.

चौकीदार सदाशिवराव बाहेर स्टुलावर बसले होते. "चावी खिळ्यावरच राह्यते. सकाळी मी नाश्त्याले गेलतो, घंटाभर. तवा कोणी नेली असन, त मले काय मालूम? पण भागाबाईची पिशवी मी शनवारी पाह्यली होती. आहेराचं लुगडं होतं तिच्यात, दुसरं काईच नाई."

"तुमच्या घरी उंदीर झाले तर काय करता?"

"सापळा लावतो. त्यात भजं, नाई त सुकट. वासानं येते लेकाचा."

शेवटी वैभव. अण्णाजींचा पुतण्या, संशोधन करणारा विद्यार्थी. त्याची वही इतकी स्वच्छ होती की मनोहररावांना कौतुक वाटले. एक डाग नाही, एक खाडाखोड नाही. अठ्ठावीस दिवस रोज औषध पाजल्याने दहाही उंदरांचे वजन कसे घटत गेले, ते तिच्यात सुबक अक्षरात लिहिले होते.

"दहा वाजता आलो तर पेटी रिकामी," तो म्हणाला. "महिन्याची मेहनत पाण्यात गेली."

"औषध तुम्ही स्वतः पाजत होतात?"

"स्वतः. दुसऱ्यावर विसंबून संशोधन होत नाही."

"मग पाचव्या पेटीतला एक उंदीर द्या पाहू. मला त्याचे डोळे बघायचेत."

वैभवने हातमोजे शोधले. ते घालून दोन बोटांनी शेपटीचे अगदी टोक धरले. उंदीर वर वळला, वैभवने हात झटकला आणि उंदीर जमिनीला लागायच्या आत भागाबाईच्या ओंजळीत होता.

"मोजे नवीन आहेत," वैभव म्हणाला.

उज्वलाताईंनी सगळ्यांना आत बोलावले.

"आधी भागाबाईंचं बघू. उंदीर दिवसा झोपतो, रात्री खातो-पितो. शनिवारी पाचला ही बाटली गळ्यापर्यंत भरली होती. ती गळत नाही, खाली भुसा कोरडा आहे. तरी पाणी चार बोटं उतरलं, गोळ्या अर्ध्या संपल्या, शेजारच्या पेट्यांसारख्याच. म्हणजे शनिवारची सारी रात्र दहा उंदीर इथेच जेवत होते. आणि भागाबाई अल्लीपूरला लग्नाच्या पंगतीत. अण्णाजी, तुमचा कागद खोटा आहे."

"मग सापळा?" अण्णाजींनी तो पुढे केला.

"मोकळ्या उंदराला सापळा लागतो. पेटीतला उंदीर झाकण काढून हाताने घेतात. ज्यांना ते येतं, त्यांना सापळा सुचणारच नाही. भागाबाईंना येतं, मयुरीताईंना येतं. सदाशिवरावांना सापळा सुचला असता, पण त्यात भजं निघालं असतं. आणि भागाबाईंनी तर आज चीज पाहून साबण म्हटलं. मनोहरराव, ते पुस्तक दाखवा."

मनोहररावांनी काखेतले पुस्तक उघडून धरले. गुबगुबीत उंदीर ढेपेवरून सगळ्यांकडे पाहत होता.

"खरा उंदीर दाण्यांवर जगतो. चीजवर जगणारा उंदीर इथे राहतो, या पानावर. सापळा ठेवणाऱ्याची उंदरांशी ओळख एवढीच. तशी ओळख या खोलीत एकाचीच आहे, आणि नेमकी त्याची तशी असायला नको होती. वैभव, अठ्ठावीस दिवस उंदीर हाताळणारा माणूस त्याला शेपटीच्या टोकाला धरत नाही. तुम्ही एक दिवसही औषध पाजलं नाही. वजनं घरी बसून लिहिलीत. उद्या समितीने उंदीर तोलले असते तर वही उघडी पडली असती. म्हणून आज सकाळी चौकीदार नाश्त्याला गेल्यावर पेटीच उचलून बाहेर नेऊन रिकामी केलीत, आणि कुणावर ढकललं की कुणी प्रश्न विचारणार नाही, ते तुम्हाला बरोबर माहीत होतं."

वैभवने मोजे काढून खिशात कोंबले. "मारले नाहीत मी," तो अखेर म्हणाला. "तुरीत सोडून दिले. मोकळे केले."

"मोकळे?" भागाबाई त्याच्यासमोर जाऊन उभी राहिली. "पेटीत जन्मलेलं पांढरं जनावर ते. त्याले बीळ खोदता येत नाई, लपता येत नाई. घुबडाले ताट वाढून दिलं तू."

मग तिने कुणाची परवानगी विचारली नाही. चौथी पेटी उचलली, त्यातला त्यांच्याच वासाचा भुसा तसाच ठेवला, वर मूठभर भाजलेले शेंगदाणे टाकले आणि पेटी तुरीत आडवी ठेवून बांधावर बसली. मनोहरराव तिच्याशेजारी बसले. आपण पाऊण तास या बाईला चोर समजत होतो, याची त्यांना शरम वाटत होती आणि ते त्यांनी तिला सांगितले. ती फक्त "बोलू नका, भ्याते ते," एवढेच म्हणाली.

दिवस मावळेपर्यंत चार आले. बाकीचे सहा आलेच नाहीत. मयुरींनी चौघांच्या कानांच्या खुणा ताडून पाहिल्या आणि वजन केले. वहीतल्या एकाही आकड्याशी ते जुळेना. "हे उद्या समितीपुढे ठेवणार," त्या अण्णाजींना म्हणाल्या.

अण्णाजींनी घसा साफ केला. "झालं गेलं, भागाबाई. तो कागद द्या, फाडून टाकतो. उद्या कामावर या."

"फाडाचा नाई," भागाबाईने कागद मागे घेतला. "अकरा वर्षांत मी दाणापाणी चुकवलं नाई, तरी तुमी एका घंट्यात मले चोर केलं. आता याच्यावर लिवा खोटं काय ते, आन फळ्यावर लावा. समद्याईले वाचू द्या."

उज्वलाताईंनी पेन पुढे केले. अण्णाजींनी लाल शाईने पहिले वाक्य खोडले, मग तिसरे. पेन मधल्या वाक्यावर थबकले.

"हेही खोडतो. तुमच्याच दृष्टीने बरं दिसेल."

"ते राहू द्या," भागाबाई म्हणाली. "तेवढंच त खरं हाय."

सोमवारी सकाळी समिती आली तेव्हा कागद फळ्यावर होता. दोन वाक्ये लाल रेघांखाली गेली होती. मध्ये स्वच्छ अक्षरांत उरले होते, 'आमच्या घरी उंदीर खातात.' त्याखाली हाताने लिहिले होते की खोडलेली वाक्ये खोटी आहेत आणि भागाबाईंची माफी मागतो. सही अण्णाजींची होती.