मुरलेली चवळी

धोंडूशेटच्या दुकानात पांढरी चवळी दोनच किलो निघाली, आणि सुगंधाला हवी होती चार.

"उद्या सकाळी हाडून देतंय," धोंडूशेट म्हणाला.

"उद्या सकाळी माका ती मुरलेली होयी. आज शिजाक होयी."

खारेपाटणचा बाजार उठत आला होता. नाक्यावर नांदगावची एस.टी. उभी होती आणि कंडक्टर खाली उतरून विडी ओढत होता. म्हणजे पाच मिनिटं, फार तर सात.

दुकानाच्या बाकड्यावर एक तरुण चहा पीत बसला होता. पायाशी दोन सारख्या कापडी पिशव्या. त्याने कप खाली ठेवला.

"चवळी... मुरवतात?"

अनोळखी माणसाशी बाजारात बोलायची सुगंधाला सवय नव्हती. पण प्रश्न तिच्या अगदी जिव्हाळ्याचा होता.

"मुरवतत. शिजवून पाणी काडूचा. काकडी, कांदो, मुळो बारीक चिरून घालूचो. वरसून माडाचो शिरको, गूळ, आल्याचो रस, कुटलेली मोहरी. रातभर बरणीत रवाक होयी. दुसऱ्या दिवशी तांदळाच्या पापडार घेवन खावची."

"पापडार? चमच्यान नाय?"

"चमच्यान खाल्लास तर अर्धी मजा जाता."

तो हसला. हसताना त्याची मान किंचित कलायची... हे आपल्या लक्षात का आलं, असं वाटून सुगंधा उगाचच धोंडूशेटच्या तराजूकडे बघू लागली.

"मी सत्यवान. तळेऱ्याक असतंय, शेतकी खात्यात," तो म्हणाला. "ह्या एका पिशवीत दोन किलो चवळी आसा. आईक घेतलेली. तुम्ही घेवा."

"आणि आवस काय म्हणतली?"

"विचारतली, खंय दिलंस. मी सांगतलंय, पापडार खावक दिलंय."

तेवढ्यात एस.टी.चा हॉर्न वाजला. सुगंधा धोंडूशेटकडची पुडी उचलून धावत सुटली. सत्यवान मागोमाग आला आणि गाडी हलता हलता त्याने खिडकीतून पिशवी तिच्या हातात दिली.

"कोणाचा काय आसा उद्या?"

"भयणीचो साखरपुडो. नांदगावाक."

गाडीने वळण घेतलं. मागे वळून बघायचं नाही, असं तिने ठरवलं होतं. एकदाच बघितलं. तो अजून तिथेच उभा होता, उरलेली पिशवी छातीशी धरून.

सुगंधा गावातल्या बालवाडीत शिकवायची. वडील गेल्यापासून तिला आणि थोरल्या सरलाला काका वाढवत होते. सगळं गाव त्यांना भाई म्हणायचं. स्वयंपाकघर मात्र भाईंच्या विधवा बहिणीचं, अक्काचं. ही चवळी सुगंधा कुडाळच्या वसतिगृहात एका गोव्याच्या मैत्रिणीकडून शिकली होती. वेंगुर्ल्याची पाहुणेमंडळी सकाळी येणार, पानं दुपारी पडणार. मधल्या वेळी हातात काहीतरी हवं, आणि ते आदल्या दिवशी करून ठेवता आलं तर ऐन वेळी बायकांना चुलीपाशी बसावं लागणार नाही. तिने भाईंना हे पटवायला आठ दिवस घेतले होते.

"सुगंधा, वेंगुर्लेकारांका नावा ठेवूक एक निमित्त पुरता," भाई शेवटी म्हणाले होते. "तुझ्या भरवशार सोडतंय."

संध्याकाळी तिने चवळी निवडायला घेतली. पिशवीतल्या दाण्यांवर करडी भुकटी होती.

"राख लावलेली आसा," अक्का म्हणाली. "किडी लागूक नये म्हणान. धुवन घे."

तिने तीन पाण्यांत धुतली, भिजवली, शिजवली, पाणी फेकून दिलं. सगळं कालवून दोन चिनीमातीच्या बरण्या भरल्या आणि फडकं बांधलं. झोपताना तिला बहिणीचा साखरपुडा आठवायला हवा होता. आठवत राहिली ती कललेली मान.

सकाळी फडकं सोडून तिने चमचाभर चवळी मीठ बघायला तोंडात टाकली. आंबट, गोड, तिखट... आणि मग जिभेच्या मुळाशी काहीतरी कडवट.

"अक्का, बग गो जरा."

अक्काचा उपास होता. तिने नुसता वास घेतला. "पितळेच्या टोपात शिजयलंस मां? कलय गेलेली आसतली. कळकली."

"मग वाढू नको?"

"मूठभर गूळ घाल. आता दुसरा काय करतलंस?"

सुगंधाने गूळ घातला. पण मन जागेवर येईना. दहाला पाहुणे आले. माजघरात बायका, ओटीवर पुरुष, मिळून साठेक माणसं. नवऱ्या मुलाची आई सीताबाई अबोल होती, आणि घरातली प्रत्येक गोष्ट नीट बघून घेत होती. तिची नजर गुळगुळीत सारवलेल्या जमिनीवरून चुलीपर्यंत जाऊन आली, तेव्हा सरलाने पदर दोनदा सारखा केला.

"सुगंधा, हाड गो तुझी ती चवळी," ओटीवरून भाईंचा आवाज आला.

तिने दोन ताटं भरली. पहिलं बायकांमध्ये ठेवलं. दुसरं उचलून ओटीच्या दारापर्यंत आली, आणि पाय अडखळला. ती कडवट चव अजून जिभेवर होती. सांगावं का भाईंना? काय सांगणार... की कळकली? साठ माणसांपुढे?

तेवढ्यात घरापुढच्या खळ्यात कोणीतरी धावत आलं.

सत्यवान होता. गुडघ्यापर्यंत चिखल, सदरा घामाने पाठीला चिकटलेला. तुळशीपाशी तो थांबला, दम खात म्हणाला,

"काल खारेपाटणाक चवळी घेतलेला चेडू... ह्याच घरातला मां?"

भाई उठले.

"तू कोण? आणि खंयचा चेडू?"

"नाव माका म्हायत नाय. निळ्या साडयेत होता. एस.टी.च्या खिडकीतसून मी पिशवी दिलंय."

माजघरातून कोणाच्या तरी बांगड्या वाजल्या आणि थांबल्या. वेंगुर्ल्याचे दोन म्हातारे एकमेकांकडे बघू लागले. सुगंधाच्या हातातलं ताट जड झालं. ती गप्प राहिली असती तर भाईंनी त्याला खळ्याबाहेर काढलं असतं, आणि साखरपुड्याच्या दिवशी घरावर बोट आलं नसतं. पण त्याचा चेहरा कालचा नव्हता. तो घाबरलेला होता.

"ता मी," ती पुढे होऊन म्हणाली. "काय झाला?"

"वाढलास?"

"आत ठेवलंय. कोणी—"

"खावक देव नकात. ती बियाण्याची चवळी. माझ्याकडे दोन पिशये होते. एकाक बुरशीचा औषध चोळलेला. विषारी आसा. आज शेतार पेरूक पिशवी सोडलंय तर आत साफ दाणे... औषधाची पिशवी तुमच्याकडे इली."

पुढचं सुगंधाने ऐकलं नाही. ताट तिथेच ठेवून ती आत धावली. सीताबाईने पापडाचा तुकडा मोडला होता. त्यावर चवळी होती, आणि हात ओठांपाशी पोचला होता. सुगंधाने तो हात मनगटाला धरला आणि पापड काढून घेतला.

होणाऱ्या विहीणबाईंच्या हातातला घास तिने हिसकावला होता.

"खाव नकात," सुगंधा म्हणाली. "चवळेत विष गेला. चूक माझी. मी बघूक होया होता."

"चूक माझी," दारातून सत्यवान म्हणाला. "तेंची नाय."

कोणी खाल्लं होतं का? एकेकीला विचारलं. नाही. मुलांना? मुलं खळ्यात खेळत होती. सत्यवानने सुटकेचा निःश्वास सोडला, आणि मग त्याची नजर सुगंधाकडे वळली.

"तुम्ही? मीठ बगूक... तुम्ही चाखलास?"

"चमचोभर. सकाळी."

त्याच्या चेहऱ्यावरचा रंग उतरला; तो चेहरा पुढे कित्येक वर्षं तिच्या डोळ्यांसमोर राहिला.

अक्काने तिचा हात धरून तिला नाक्यावरच्या डॉक्टरांकडे नेलं. सत्यवान मागे राहिला. कोंबड्या-गुरांच्या तोंडी काही लागू नये म्हणून त्याने मागल्या परड्यात स्वतः कुदळीने हातभर खड्डा खणला आणि दोन्ही ताटं, दोन्ही बरण्या त्यात रिकाम्या केल्या. मग तसाच मातीच्या हातांनी तो दवाखान्यात आला.

डॉक्टरांनी सुगंधाला तपासलं होतं, डोळ्यांत बॅटरी मारून बघितलं होतं. सत्यवान येताच त्यांनी त्याला औषधाचं नाव विचारून घेतलं.

"तीन पाण्यांत धुतली, शिजवलेलं पाणी फेकलं, आणि चमचाभरच पोटात गेलं. बहुतेक काही होणार नाही," ते म्हणाले. "पण तीन वाजेपर्यंत इथून हलायचं नाही. मळमळलं, घाम सुटला, तर लगेच हाक मारा. आणि साहेब, तुम्ही पिशवीला खूण करत नाही?"

"करतो. लाल दोऱ्याची गाठ मारलेली होती."

ती गाठ सुगंधानेच सोडली होती, नखं दुखेपर्यंत.

तीन तास. बाहेरच्या बाकड्यावर एका टोकाला सुगंधा, दुसऱ्या टोकाला सत्यवान, मधे अक्का. भिंतीवरच्या घड्याळाचा काटा सरकत नव्हता. सुगंधाने जरा कपाळ पुसलं तरी तो उठून उभा राहायचा.

"गरम होता," ती म्हणायची. मग तो बसायचा.

एकदा खरंच पोटात ढवळून आलं. तिने पदर तोंडाशी धरला, डोळे मिटले. मिटल्या डोळ्यांआड तिला सरला दिसली, बालवाडीतली पोरं दिसली, आणि आपण खूप घाबरलो आहोत हे तिला पहिल्यांदा कळलं. हळूहळू ढवळणं ओसरलं. डोळे उघडले तर तो समोर जमिनीवर बसला होता, पाण्याचा पेला धरून.

"घेवा... हळू."

अक्काने दोघांकडे आळीपाळीने पाहिलं. "माझी पाठ दुखता. मी आत पंख्याखाली बसतंय," असं म्हणून ती उठली.

रस्त्यावरून चिऱ्यांनी भरलेला ट्रक गेला.

"असल्याच ट्रकातसून इलंय मी," तो म्हणाला. "तळेऱ्यापर्यंत सायकलीन. नांदगावात साखरपुडो खंय, ता विचारीत सात घरा फिरलंय."

"लाल गाठ होती म्हणालास मां डॉक्टरांका?"

"होती."

"मग दिसली नाय?"

तो मातीने माखलेल्या हातांकडे बघत राहिला.

"दिसली असती... पिशयेकडे बगलेलंय असतंय तर." त्याने मान वर केली. "तुमच्याकडे बगी होतंय. खिडकीत तुम्ही, गाडी सुटताहा... हाताक लागली ती पिशवी दिलंय. साठ माणसांच्या जिवाशी खेळ झालो माझ्यान. तुमच्या जिवाशी झालो. उद्या सायबाक लिहून देतलंय. नोकरी ऱ्हवात की नाय, म्हायत नाय. पण तुमका खरा सांगल्याशिवाय माका जावक येवचा नाय."

सुगंधाच्या छातीत धडधडू लागलं. क्षणभर तिला वाटलं, हे विषाचंच लक्षण. मग कळलं की नाही.

"सायबाक काय लिवतलास?" तिने हळूच विचारलं. "माझ्याकडे बगी होतास म्हणान?"

"घाई झाली, असा लिवतलंय."

"बरा. ता दुसरा... कागदार लिवाचा नाय." ती पेल्याच्या कडेवरून बोट फिरवत राहिली. "कालपासून माका पण एक गोष्ट कळाना. साखरपुडो सरलाताईचो, आणि झोप माझी गेली."

तो हसला, आणि त्याची मान कालसारखीच कलली.

तीन वाजता डॉक्टरांनी पुन्हा नाडी बघितली आणि घरी जायला सांगितलं. तिघं निघाले. अक्का पुढे, ती मागे, आणि तो रस्त्याच्या पलीकडच्या कडेने. खळ्याच्या तोंडाशी येताच त्याने पाऊल आखडलं.

"मी भाईंची माफी मागून जातंय."

साखरपुडा आटोपला होता. सरलाच्या बोटात अंगठी होती, पण पानं वाढायची राहिली होती. सुगंधा परत येईपर्यंत कोणी जेवायचं नाही, असं सीताबाईने सांगितलं होतं. तिने सुगंधाला जवळ घेतलं आणि मघाचं तिचं मनगट कुरवाळलं.

सत्यवान ओटीसमोर उभा राहिला, हात जोडून. भाईंनी त्याला पायापासून डोक्यापर्यंत न्याहाळलं.

"चूक मोठी केलंस," ते म्हणाले. "पण लपवलंस नाय. धावत इलंस. ता मी विसराचंय नाय." ते थांबले. "बरा. जा आता तू. तुकाय लांब जावचा आसात."

तो वळला. खळ्याच्या अर्ध्यापर्यंत गेला.

सुगंधाने पदर खोचला आणि केळीच्या पानांच्या गठ्ठ्यातून एक पान ओढलं.

"भाई, सगळ्यांच्या पंगतीत अजून एक पान मांडतंय," ती म्हणाली. "हे सकाळपासून जेवाक नाय."

माजघरातला गलका बसला. 'हे'... शब्द ओठांतून निघून गेला होता. सरलाने तोंडावर पदर धरला. अक्का डाळीचा डाव हातात धरून तशीच राहिली. खळ्याच्या मध्यावर सत्यवान थांबला होता, पाठमोरा, वळायची हिंमत होत नसल्यासारखा.

भाईंनी तिच्याकडे पाहिलं. ती मान खाली घालेल, शब्द मागे घेईल, याची ते वाट बघत होते. तिने पान धुतलं, पुसलं, आणि पंगतीत त्यांच्या शेजारीच मांडलं.

"अरे, उबो काय रवलंस," भाई शेवटी बाहेर बघत म्हणाले. "हात-पाय धुवन ये."