सात सुनांची सासू

“लांबूनच बघा हो बाळाला,” म्हणत तुळजाबाई पाळण्यापुढे आडव्या आल्या, आणि नातवाच्या बारशाला कात्रजहून खराडीपर्यंत आलेल्या प्रेमलाबाईंचे पुढे झालेले हात तसेच मागे गेले.

तुळजाबाई म्हणजे प्रेमलाबाईंच्या सुनेची, नीरजाची आजी. नीरजाच्या या माहेरी त्यांचाच शब्द चाले.

चाळीस वर्षांच्या दुय्यम भूमिकांत प्रेमलाबाईंनी काय केलं नव्हतं? पौराणिक चित्रपटात देवीची सखी, तमाशापटात फडाची मालकीण, विनोदी चित्रपटात बहिरी मावशी, एका भयपटात तर विहिरीतली हडळसुद्धा... पण लोकांनी लक्षात ठेवली ती सात चित्रपटांत सात सुनांना छळणारी सासू. मंडईत भाजीवाली मेथीची जुडी देताना तोंड फिरवायची, त्याचं त्यांना हसू यायचं. मात्र मुलाचं, माधवचं लग्न ठरताना तुळजाबाई म्हणाल्या, “पोर देतो आम्ही, पर ही बाई त्या घरात नको,” तेव्हा हसू आलं नाही. नीरजा खाली मान घालून गप्प राहिली. माधव भांडायला उठला, तर प्रेमलाबाईंनीच त्याला बसवलं, आणि एकुलत्या एका लेकाचा संसार उभा राहावा म्हणून स्वतःचं घर त्याला देऊन त्या कात्रजला एका खोलीत राहायला गेल्या. त्याला चार वर्षं झाली.

जेवणं उरकल्यावर टीव्हीवर नेमका प्रेमलाबाईंचाच चित्रपट लागला. नेमका कसला, कुणीतरी शोधून लावला होता. पडद्यावरची सासू सुनेला केसांना धरून उंबऱ्याबाहेर ओढू लागली, तशा साऱ्या बायका प्रेमलाबाईंकडे बघू लागल्या. उठून जावं असं त्यांना वाटलं, पण नातवाचं बारसं होतं.

“थांबवा ते,” तुळजाबाई म्हणाल्या. माधवने चित्र थांबवलं. म्हातारी टीव्हीजवळ जाऊन वाकली.

“नीरजे, हिकडं ये. हात बघ कुठं हाय ह्यांचा. केस मुळाशी धरल्यात. तुझा गुंता सोडवताना दुखू नये म्हणून मी धरायची ना... तसे.”

नीरजा पडद्याजवळ जाऊन बघू लागली.

“त्या पोरीला लागलं न्हाई?” त्यांनी प्रेमलाबाईंना विचारलं.

“कसं लागेल? अठरा वर्षांची होती. लेकीला जपा म्हणून तिच्या आईनं मला सांगितलं होतं. सातही जणींना मी असंच धरलं.”

तुळजाबाई प्रेमलाबाईंसमोर येऊन बसल्या. “लोकांच्या लेकी जपणाऱ्या बाईपास्नं मी माझी पोर जपत बसले... आता लेका-सुनेसंगं घरी जावा. तुमच्या घरी.”

नीरजा आतून फणी घेऊन आली, केस मोकळे सोडले आणि सासूबाईंकडे पाठ करून जमिनीवर बसली.

“ओढा, आई. खरंच ओढा,” ती म्हणाली. “त्या दिवशी मी एक शब्द बोलले असते, तर तुम्हाला घर सोडावं लागलं नसतं.”

चाळीस वर्षं दिग्दर्शक सांगेल ते प्रेमलाबाई करत आल्या होत्या. हे मात्र त्यांना जमेना. त्यांनी नीरजाचे केस मुळाशी घट्ट धरले, आणि खालून, टोकापासून, हलक्या हाताने विंचरायला सुरुवात केली.